नारायणरावांचा हुंकार

सोलापुरात चांगले कीर्तनकार पुष्कळ येऊन गेले, पण श्रोता म्हणावा असा शुक्रवार पेठेत एकच, नारायणराव. बुवा उभे राहून उपरणं सारखं करेपर्यंत हे पहिल्या रांगेत, मृदंगवाल्याच्या गुडघ्याला गुडघा लावून बसलेले असत. डोळे मिटलेले, मान किंचित कललेली. बुवांचं वाक्य जिथं टेकायला येईल तिथं नेमकं खालून "व्हय महाराज" असं उशीसारखं सरकवायचं. दृष्टांत रंगला तर "अहाहा", सिद्धान्त पटला तर "बरोबर, बरोबर". बाहेरगावचे बुवा पेठेत उतरले की चहाच्या आधी विचारत, "नारायणराव गावात आहेत ना?" ते मुलाकडे पुण्याला गेलेत असं कळलं तर एकदोघा बुवांचा घसा बसल्याचंही लोक सांगतात.

आता हुंकार म्हणजे संमती नव्हे, हे पेठेतल्या शेंबड्या पोरालाही ठाऊक आहे. बुवा म्हणाले, "आणि मग तो दुष्ट रावण सीतामाईला घेऊन निघाला," तर श्रोते "व्हय महाराज" म्हणतात. म्हणून काही त्यांनी रावणाला परवानगी दिली असं होत नाही. हुंकार म्हणजे आम्ही जागे आहोत, तुम्ही चालू द्या, इतकंच. देवाच्या दारात ज्याला टाळ वाजवता येत नाही, गाता येत नाही, त्यानं एवढी तरी सेवा करावी. ही साधी गोष्ट साऱ्या जिल्ह्याला कळते. कळली नाही ती फक्त शिक्षण खात्याला, आणि त्यातून पुढचं सगळं रामायण झालं.

नारायणरावांची सून इंद्रायणी, नवरा पुण्याला नोकरीत म्हणून सासू-सासऱ्यांजवळच राहणारी, सरकारी शाळेत शिक्षिका. पात्रता परीक्षा झाली, गुणवत्ता यादी झाली, ती यादी रद्द झाली, रद्द केलेली रद्द झाली, आणि या सगळ्यातून जी पोर वेडी न होता बाहेर पडली तिला मैंदर्गीच्या पलीकडच्या एका वस्तीवरची शाळा मिळाली. पहिली ते चौथी, एकच खोली, एकच बाई. पोरं घरी कन्नड बोलणारी. ती तिला बाई म्हणत आणि विसरली की अक्कोर म्हणत. इंद्रायणीनं कन्नड शिकून घेतलं, पोरांनी मराठी. वर्ग रंगला.

आणि अशात कार्यालयाची नोटीस आली. आपली नेमणूक रिक्त नसलेल्या पदावर झाल्याचे तपासणीत आढळून आले असून, आपली सेवा समाप्त का करण्यात येऊ नये, याचा खुलासा समक्ष हजर राहून करावा.

पद रिक्त नव्हतं म्हणजे त्यावर कोणीतरी होतं. कोण होतं? तर महिपती गुरुजी. हे गुरुजी इंद्रायणीच्या आधी त्या शाळेत होते आणि नोकरीत असतानाच वारले. ही काही लपलेली गोष्ट नव्हती. शोकसभा कार्यालयानंच घेतली, भाषण साहेबांनीच केलं, गुरुजींच्या पत्नीला निवृत्तिवेतनही सुरू झालं. परंतु शिक्षकानं जागा सोडली असं केव्हा धरायचं? कार्यमुक्तीचा आदेश निघेल आणि शिक्षक समक्ष येऊन, कार्यभार सोपवून, त्यावर सही करेल तेव्हा. महिपती गुरुजी काही आले नाहीत. त्यामुळे एका टेबलावर ते मयत होते आणि दुसऱ्या टेबलावर अजून वर्गावर होते. चित्रगुप्ताचं दप्तर बरं. तिथं निदान माणूस एका वेळी एकाच बाजूला असतो.

बातमी पेठेत फुटायला वेळ लागला नाही. सल्ल्याला आमच्या पेठेत तुटवडा नाही. कोणी आमदाराकडं जा म्हणालं, कोणी अक्कलकोटला अभिषेक करा म्हणालं. एका गृहस्थानं, महिपती गुरुजींचे दिवस नीट झाले नसतील म्हणून ते अजून वर्गात घोटाळतायत, अशी शक्यता मांडली. कार्यालयाचं म्हणणंही जवळजवळ हेच होतं, पण त्या गृहस्थाला लोक हसले आणि कार्यालयाला भ्याले. शेवटी शेजारच्या शेंगाचटणीच्या दुकानातले गुरुबसप्पा तराजू खाली ठेवून म्हणाले, "नारायणराव, पोरीला एकटीला धाडू नका बघा. ऑफिसात पांढरे केस दिसले की काम होतंय. तुम्ही नुस्तं जाऊन सुम्ने बसा." सुम्ने म्हणजे गप. एवढा एकच शब्द नारायणरावांनी मनावर घेतला असता तर ही कथा इथंच संपली असती.

सुनावणीच्या दिवशी नारायणराव धुतलेलं धोतर, काळी टोपी आणि कपाळी बुक्का लावून सुनेबरोबर निघाले. कार्यालयात श्रीमंत नावाचे कारकून रोजनामा लिहायला बसले होते. नाव श्रीमंत, पण शब्दाला अतिशय काटकसरी. समोर घडेल तेवढंच लिहायचं, त्यात मीठ नाही मसाला नाही. त्यांनी नारायणरावांची ज्येष्ठ नातेवाईक म्हणून सही घेतली आणि त्यांना पहिल्या खुर्चीवर बसवलं.

पहिली रांग. समोर उभा माणूस. मागं देवीचा फोटो, त्याला ताजा हार. यात नारायणरावांची चूक किती आणि परिस्थितीची किती, हे ज्याचं त्यानं ठरवावं. त्यात साहेबांचा गळा गोड. गोड गळ्याच्या माणसाला कोणी वेळेवर टाळ दिला नाही की तो असा कुठल्यातरी खात्यात जाऊन परिपत्रकं आळवत बसतो. साहेबांनी दोषारोप उचलले, घसा साफ केला आणि लयीत सुरुवात केली.

"सदर शिक्षिका या रिक्त नसलेल्या पदावर, पदाच्या स्थितीची खातरजमा न करता, रुजू झाल्या..."

"व्हय महाराज," नारायणराव म्हणाले. डोळे केव्हाच मिटले होते.

साहेब चमकले. आपलं वाचन कोणी ऐकतंय, हा अनुभव त्यांना उभ्या नोकरीत आला नव्हता. बैठकांत लोक मोबाइल बघत, घरी टीव्ही. आज प्रथमच एक माणूस मान डोलावत होता. त्यांनी आवाज थोडा वर नेला. मयत शिक्षकाच्या टेबल-खुर्चीचा विनापरवाना वापर केला. "अहाहा." त्यामुळे महिपती गुरुजी यांच्या सेवाविषयक हक्कांस बाधा पोहोचली. "बरोबर, बरोबर." इंद्रायणी मधे म्हणाली की मला हे मान्य नाही. साहेबांनी तिला हातानंच थांबवलं. मोठी माणसं ऐकतायत, मधे बोलू नये. तिनं सासऱ्याच्या दंडाला चिमटा काढला. बायकोचा, रुक्मिणीबाईंचा, चिमटा नारायणरावांच्या ओळखीचा होता, कीर्तनात डुलकी लागली की त्या काढत. आपल्याला पेंग येतेय असं वाटून त्यांनी पुढचा हुंकार जरा खणखणीत दिला. साहेबांना आता थांबवेना. कागदावरचे आरोप संपले तर त्यांनी मनातले दोन घातले. वर्गात बडबडगीतं म्हणून शासकीय शांततेचा भंग केला, हा त्यातलाच. त्यालाही "अहाहा" मिळालं.

शेवटी श्रीमंतांनी रोजनामा वाचून दाखवला. शिक्षिकेसोबतच्या ज्येष्ठांनी सर्व आरोप एकेक करून, आनंदाने मान्य केले.

इंद्रायणी सासऱ्यांना घेऊन रिक्षात बसली. कन्ना चौक गेला, घर आलं, तेव्हा उतरता उतरता एवढंच म्हणाली, "मामा, ते कीर्तन नव्हतं."

सेवासमाप्तीचा आदेश त्याच आठवड्यात आला. या खात्याला पोरांची पुस्तकं पोचवायला दिवाळी लागते, पण आदेशाला पंख होते. वस्तीवरच्या शाळेला कुलूप लागलं. बाई कधी येणार म्हणून पोरांचे फोन येऊ लागले, ते इंद्रायणी आतल्या खोलीत जाऊन घ्यायची. नारायणरावांना जेवण जाईना. रुक्मिणीबाईंनी वाढता वाढता आपलं एक दुःख मोकळं केलं. म्हणाल्या, "लग्न झाल्यापासून मी बोलतीय, त्याला एकदा 'व्हय' म्हटलं न्हाई. आणि त्या साहेबाला मात्र अहाहा."

पेठेनं तर हात धुऊन घेतले. भाजीवाली वांग्याचा भाव सांगून विचारी, "काय नारायणराव, मान्य?" न्हाव्यानं मिशी कापायला घेतली आणि आरशात बघून "मान्य?" म्हणाला. ज्यांना पखवाज आणि पराठा यातला फरक कळत नाही अशी माणसं हुंकार कसा नसावा यावर बोलू लागली. नारायणरावांचा अभिमान दुखावला. माणसाला त्याच्या पापावरून बोललं तर तो सोसतो. त्याच्या भक्तीवरून बोललं की आतून चिरतो. त्यांनी देवापुढं प्रतिज्ञा केली, आजपासून कोणाच्याही बोलण्याला हो म्हणणार नाही.

आणि ती पाळायलाही लागले. फोनवर पलीकडचा माणूस "हॅलो, ऐकताय ना?" करून थकून फोन ठेवी. सत्यनारायणाच्या पूजेत भटजींनी "संकल्प मान्य ना यजमान?" विचारलं, तर हे पाटावर ओठ मिटून बसले, शेवटी रुक्मिणीबाईंनीच उत्तर दिलं.

दरम्यान गुरुबसप्पांनी आपला भाचा विरेश याला उभा केला. विरेश वकील, कोल्हापूरला उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच सुरू झाल्यापासून त्याचा अर्धा संसार सोलापूर-कोल्हापूर गाडीत. त्यानं सगळं ऐकलं आणि म्हणाला, महिपती गुरुजींचा मुद्दा आपल्या बाजूचा आहे, अडचण फक्त नारायणरावांच्या अहाहाची आहे. त्यावर त्यांनी प्रतिज्ञापत्र करावं, की आपण दिला तो श्रोत्याचा हुंकार होता, कबुली नव्हे.

प्रतिज्ञापत्र उत्तम झालं. नारायणराव ते घेऊन नोटरीपुढं बसले. नोटरीनं शिक्का हातात घेऊन रिवाजाप्रमाणं विचारलं, मजकूर वाचला ना? समजला ना? खरा आहे ना? नारायणराव गप्प. नोटरीनं पुन्हा विचारलं. नारायणरावांचे ओठ हलेनात. देवापुढची प्रतिज्ञा होती. नोटरीनं कागद परत केले आणि विरेशला बाजूला घेऊन म्हाताऱ्यावर कोणी दबाव आणलाय का, अशी चौकशी केली. मी हो म्हटलं नव्हतं, हे सांगण्यासाठी हो म्हणायचं होतं आणि नेमकं तेच जमेना. दुसऱ्या दिवशी इंद्रायणी सोबत गेली. तिनं हलक्या आवाजात सांगितलं, "मामा, एकदाच म्हणा. हे माझ्यासाठी." तेव्हा इतक्या दिवसांचा कोंडलेला हुंकार असा सुटला की "व्हय महाराज, अहाहा" ऐकून शेजारच्या झेरॉक्सवाल्यानं हात जोडले. शिक्का बसला.

प्रकरण कोल्हापूरला कोर्टात गेलं, तिथं खात्यानंही आपलं प्रतिज्ञापत्र दाखल केलं. खात्याला पोरांसाठी शिक्षक मिळत नाही, पण शिक्षकाविरुद्ध लढायला माणसं कमी पडत नाहीत. त्यात त्यांनी ठासून लिहिलं होतं, की सुनावणीत उपस्थितांपैकी कोणीही काढलेला होकारार्थी उद्गार, मग तो कोणत्याही भावनेने काढलेला असो, या कार्यालयाच्या प्रथेप्रमाणे कबुलीच धरला जातो. विरेशनं हे वाचलं आणि तो पहिल्यांदा हसला. का, ते सांगेना. एक चहा मागवला.

तारखा पडल्या, गाड्या झाल्या. कोर्टानं शेवटी आदेश रद्द केला आणि शिक्षिकेला नीट बोलू देऊन, खात्यानं जी प्रथा सांगितली आहे तिला धरून, सुनावणी पुन्हा घ्या म्हणून सांगितलं. खात्यानं लगेच पत्र काढलं: पूर्वी उपस्थित असलेले सर्वजण याही वेळी उपस्थित राहतील. म्हणजे नारायणराव आलेच. साहेबांनाच ते हवे होते, असं नंतर श्रीमंतांकडून कळलं. मधल्या काळात कोणी ऐकत नव्हतं म्हणून साहेब वाळले होते.

आदल्या दिवशी पेठेत चिंता पसरली. गुरुबसप्पांनी शेंगाचिक्कीची मोठी वडी दिली. तोंडात धरा, जबडा उघडणार नाही म्हणाले. रुक्मिणीबाईंनी त्यावर काट मारली आणि नवऱ्याला मौन घ्यायला लावलं. नवरा आता निदान उलट तरी बोलणार नाही, म्हणून त्या फार समाधानी दिसत होत्या.

कार्यालयात शिरताना नारायणरावांच्या छातीवर पाटी होती, आज मौन. श्रीमंतांनी लेखणी थांबवून शंका काढली, मौन म्हणजे संमतीचं लक्षण असं शास्त्र आहे, तेव्हा सुरुवातीलाच सगळं मान्य लिहायचं का? खात्यानं कोर्टात दिलेलं म्हणणं विरेशनं पुढं सरकवलं: उद्गार धरला जातो, शांतता नव्हे. श्रीमंतांनी ते दोनदा वाचलं, मान हलवली आणि लेखणी सरळ केली.

साहेब उभे राहिले. "सदर शिक्षिका या रिक्त नसलेल्या पदावर..." म्हणून ते थांबले आणि आशेनं पहिल्या खुर्चीकडं पाहिलं. नारायणराव डोळे मिटून, दोन्ही हातांनी गुडघे घट्ट दाबून बसले होते. गळ्यापर्यंत आलेलं "व्हय" ते गिळत होते, ते बाहेरूनही दिसत होतं. साहेबांनी पुढचं वाक्य वाचलं. काही नाही. खुर्चीचा विनापरवाना वापर. काही नाही, पंखा तेवढा करकरला. हुंकार नसला की बोलणाऱ्याला आपलं बोलणं आपल्याच कानांनी ऐकावं लागतं, आणि ते फार थोड्यांना सोसतं. महिपती गुरुजींच्या सेवाविषयक हक्कांस बाधा, इथवर आल्यावर साहेबांचा सूर फाटला. बडबडगीतांचं त्यांनी वाचलंच नाही. खाली बसले आणि चेहरा पुसत म्हणाले, "तुमचं काय ते सांगा बाई."

इंद्रायणी उठली. तिच्या हातात कागद नव्हता. पहिलीच्या पोरांपुढं उभी राहते तशी उभी राहिली, हात मागं बांधून, आवाज जरा खाली. ज्या बाईनं शाळा सुटायच्या सुमाराला भुकेली पोरं बसवून ठेवली आहेत, तिला एक दमलेला साहेब किती जड?

"साहेब, एका वस्तीवर एक शाळा होती."

"हं," साहेब म्हणाले.

"तिथं एक फार चांगले गुरुजी होते. पोरांना स्वतःच्या डब्यातलं देणारे."

"होते, होते. मी ओळखत होतो त्यांना."

"ते गेले तेव्हा शोकसभेत आपणच बोललात. लोकांच्या डोळ्यांत पाणी आलं म्हणतात."

"आलं की," साहेब खुर्चीत पुढं सरकले. "मलाही भरून आलं होतं."

"म्हणजे गुरुजी गेले हे आपल्याला त्याच दिवशी माहीत होतं."

"म्हणजे काय."

"गेलेला माणूस सही करायला परत येत नाही."

"कसा येईल बिचारा."

"तर मग त्यांना कार्यमुक्त करायचा कागद कार्यालयानंच काढायला हवा होता."

"बरोबर, बरोबर." साहेबांचे डोळे मिटत आले होते. मान कलली होती.

"तो निघाला नाही, यात नंतर आलेल्या बाईचा काही दोष नाही."

"छे, तिचा कसला दोष. व्हय."

खोलीत लेखणीची करकर तेवढी चालू होती. ती थांबली तेव्हा साहेबांनी डोळे उघडले. श्रीमंतांनी नेहमीच्या कोरड्या आवाजात वाचून दाखवलं. कार्यालयाच्या वतीने साहेबांनी शिक्षिकेचे सर्व मुद्दे एकेक करून मान्य केले. मग क्षणभर थांबून, अगदी आदबीनं त्यांनी विचारलं, "आनंदाने लिहू का, साहेब?"

विरेशनं टेबलावर खात्याचंच प्रतिज्ञापत्र सरळ करून ठेवलं. साहेबांनी ते पाहिलं, मग नारायणरावांच्या छातीवरची पाटी पाहिली. त्या पाटीचा त्यांना हेवा वाटला असावा.

इंद्रायणीला परत घेतलं. महिपती गुरुजींच्या कार्यमुक्तीचा आदेशही अखेर निघाला. खातं झालं म्हणून काय, उशिरा का होईना चूक सुधारतं, आणि सुधारताना नवी करतं. त्या आदेशात महिपती गुरुजींना कळवलं होतं, की त्यांनी आपला कार्यभार श्रीमती इंद्रायणी यांच्याकडे समक्ष सोपवावा. इंद्रायणीनं तो शाळेच्या भिंतीवर गुरुजींचा फोटो लावून त्याखाली डकवला आणि कुलूप काढायच्या आधी फोटोला नमस्कार केला. कार्यभार सोपवला गेला. खात्याला जे जमलं नाही ते गुरुजींनी गेल्यावरही केलं. पोरं "अक्कोर बंद्रु" म्हणून, म्हणजे बाई आल्या म्हणून, वस्तीभर ओरडत सुटली.

त्या आठवड्यात पेठेतल्या देवळात कीर्तन होतं. नारायणराव पहिल्या रांगेत बसले, पण ओठ मिटून. बुवांनी पूर्वरंग लावला, दृष्टांत घेतला, वाक्य नेमकं टेकवलं आणि थांबले. खालून काही आलं नाही. मृदंगवाल्यानं नारायणरावांकडं पाहिलं. बुवांनी तेच वाक्य पुन्हा टेकवलं. देऊळभर शांतता; न्हावी, भाजीवाली, गुरुबसप्पा, सगळे मान खाली घालून बसलेले. चेष्टा करणाऱ्यांनाच आता चुकचुकल्यासारखं झालं होतं.

बायकांच्या बाजूनं इंद्रायणी पुढं सरकली आणि सासऱ्याच्या कानाशी वाकून म्हणाली, "म्हणा की, मामा. हितं कुणी लिहून घेत न्हाई."